पाचव्या रिळातला निरोप

१९२३ सालची गोष्ट. नोव्हेंबरातला सोमवार होता आणि एल्मशॉ या कापडगिरण्यांच्या गावातल्या पॅव्हिलियन थिएटरात पाचवे रीळ सुरू होते.

पडद्यावर धक्क्याला गलबत लागले होते. नायक नायिकेचे दोन्ही हात धरून उभा होता. मिस लोमॅक्स पियानोवर असे काही करुण वाजवत होत्या की वर बाल्कनीत डॉक्टरांच्या बायकोने रुमाल काढला. पडद्यावर पाटी आली : ‘प्रिये, हा सागर आटेल, पण माझे प्रेम आटणार नाही.’

आणि खालच्या बाकांवरच्या तीनशे बायका खो खो हसत सुटल्या.

“बूट चावतोय म्हणतोय मेला!” सेलिनामावशी शालीत तोंड खुपसून म्हणाली. “लवकर रड आणि मला मोकळा कर, म्हणतोय!”

“आणि ती काय म्हणाली, बघितलंस?” मागच्या बाकावरून कुणीतरी ओरडले. “कांदा खाऊन आलायस, म्हणाली! डोळ्यांत पाणी आहे ते कांद्याचं!”

बाल्कनीतली माणसे वाकून वाकून खाली बघू लागली. थिएटरचे मालक टॅटरसॉल हातातली बत्ती नाचवत मधल्या वाटेने धावत आले. “बायांनो, काळीज आहे की नाही तुम्हाला? अहो, ताटातूट चाललीय तिथे! हसता काय?”

आता त्यांना कसे सांगायचे? टॅटरसॉल किनाऱ्याकडच्या गावातून आलेले, गिरणीत कधी पाऊल न टाकलेले. विणाई खात्यात आठशे साचे, म्हणजे कापडाचे माग, एकदम धडधडू लागले की स्वतःचा खोकलासुद्धा स्वतःला ऐकू येत नाही. मग माणसे ओठांनी बोलतात. बारा वर्षांची पोर पहिल्यांदा खात्यात आली की साचा शिकण्याआधी ओठ वाचायला शिकते. या टोकाच्या साच्यावरून त्या टोकाला कुणाचे लग्न ठरले, कुणाच्या नवऱ्याने काय दिवे लावले, सगळे आवाजाविना पोहोचते. घरीसुद्धा तीच सवय. भिंती पातळ, शेजारी तिखट कानांचे. म्हणून जे उंबऱ्याबाहेर जायला नको, ते आमच्याकडे ओठांनीच सांगितले जाई. असल्या बायकांपुढे मूकपट म्हणजे उघडे पत्रच. पाटीवर काही का लिहिलेले असेना, नटाने खरोखर काय म्हटले ते त्यांना लख्ख दिसायचे.

ॲडा हिंडलही सगळ्यांबरोबर हसत होती. हसता हसता एकदम गप्प झाली.

नायिकेच्या खांद्यामागे, गलबताच्या कडेला एक खलाशी दोराचे वेटोळे करत होता. नायकाने नायिकेला मिठीत घेतले तेव्हा त्याने मान वर केली आणि सरळ समोर पाहिले. नट बोलतात तसे नव्हे, तर खात्यात बोलतात तसे जबडा मोकळा सोडून, एकेक अक्षर ओठांवर ठेवत तो म्हणाला :

“ॲडा, थांब माझ्यासाठी. मी येतोय.”

आणि पुन्हा दोराकडे वळला.

बाकांवरचे हसणे विस्तव विझावा तसे विझले. तीनशे बायकांनी ते वाचले होते. तीनशे माना ॲडाकडे वळल्या.

“अगं बाई,” सेलिनामावशी म्हणाली, “हा तर आपला विल्फ!”

*

ॲडाचे आईवडील ती लहान असतानाच गेले. आईच्या बहिणीने, सेलिनामावशीने तिला वाढवले आणि आपल्या शेजारच्या साच्यांवर उभे केले. आता ती चोवीस वर्षांची होती. चार साचे सांभाळायची. मागावर इकडून तिकडे धावणाऱ्या धोट्यात सुताची नवी कांडी घातली की सुताचे टोक ओठांनी ओढून घ्यावे लागे. त्यामुळे तिच्या ओठांना सुताची आणि तेलाची चव कायमची बसली होती.

समोरच्या रांगेत विल्फ्रेड ऑर्मरॉडचे साचे. उंच, हसरा, चॅपलमध्ये गाणारा पोरगा. त्याने ॲडाला मागणी घातली तीही साच्यावरूनच, चालत्या धोट्यांच्या डोक्यावरून. ॲडाने मान हलवली तेव्हा अख्ख्या रांगेने टाळ्या पिटल्या होत्या. त्या अर्थातच कुणाला ऐकू आल्या नाहीत.

मग एकवीस साली मंदी आली. निम्मे साचे झाकून ठेवले. विल्फ म्हणाला, “लंडनला सिनेमावाल्यांना माणसं लागतात. गर्दीत उभं राहायचं, बास. बस्तान बसलं की तुला बोलावून घेतो.” ॲडाने त्याला निळा स्वेटर विणून दिला. डाव्या बाहीपाशी लोकर संपली, म्हणून तिथे दोन ओळी राखाडी घातल्या. तो म्हणाला होता, “यामुळेच हरवायचा नाही.”

त्याची पाच पत्रे आली. पाचवे बावीस सालच्या सप्टेंबरात. त्यानंतर काही नाही.

आणि आता हा सिनेमा. ‘मीठखाडीचे घर’. ज्या कादंबरीवरून तो काढला होता ती गावातल्या झाडून सगळ्या बायकांनी वाचली होती. वाचनालयाची एकच प्रत. धक्क्यावरच्या ताटातुटीची पाने सुटी झालेली आणि त्यांवर चहाचे डाग. कादंबरीतली बाई खाडीकाठच्या घरात रोज संध्याकाळी खिडकीत दिवा लावते. सात वर्षे लावते. आणि सातव्या वर्षी तो येतो. ॲडाने ती कादंबरी चार वेळा नेली होती.

“सात वर्षं खिडकीत बसायला तिचं काय जातंय?” सेलिनामावशी म्हणायची. “तिला सकाळी सहाला साच्यावर जायचं नव्हतं.”

मावशी असे म्हणायची त्याला कारण होते. त्याचे नाव जोसेफ व्हिटॅम.

जोसेफ त्यांच्या खात्यातला जॉबर. साचा अडला की हात वर करायचा आणि तो पाना घेऊन यायचा. पस्तिशीचा, कमी बोलणारा. कानामागे पेन्सिल आणि कपाळावर तेलाचा डाग. तो ठेवणीतला असल्यासारखा रोज त्याच जागी. इतर जॉबर बायकांना ताटकळत ठेवायचे, हा येताना दुसऱ्याचे काम टाकूनही यायचा. गेल्या आठवड्यात त्याने ॲडाला विचारले होते. टेकडीच्या रस्त्यावर कोपऱ्यातले घर रिकामे झाले होते. मागे परस, परसात स्वतःचा नळ. घरमालक येत्या गुरुवारपर्यंत थांबायला तयार होता.

“घराचं निमित्त आहे,” जोसेफ म्हणाला होता. “घर नसतं तरी मी विचारलं असतं. पण घर आहे तर गुरुवारपर्यंत सांग. नाही म्हणालीस तरी तुझे साचे आधीसारखेच बघेन.”

ॲडाने ठरवले होते, हो म्हणायचे. रविवारी रात्री अंथरुणात पडल्या पडल्या ठरवले होते. आणि सोमवारी विल्फने पडद्यावरून सांगितले, थांब.

*

मंगळवारी सकाळी भोंगा होण्याआधीच बातमी गावभर झाली. दगडी रस्त्यावर लाकडी तळाच्या बुटांचा खडखडाट चालला होता, आणि त्यातून जो तो ॲडाला गाठत होता.

“नशीबवान गं बाई तू! आमच्या धन्यानं मला समोर बसूनसुद्धा कधी एवढं सांगितलं नाही.”

“कधी येतोय? नाताळला का?”

“काय डोकं चालवलं पोरानं! पत्राला तिकीट लागतं. यानं फुकटात तीनशे जणींदेखत शब्द दिला.”

खात्यात साचे सुरू झाले तरी थांबले नाही. या रांगेतून त्या रांगेत ओठ हलत होते. ॲडा हसून मान डोलवत होती. आतून तिला धुक्यातून चालल्यासारखे वाटत होते. कापड आपोआप विणले जात होते. धोटा जायचा, यायचा, आणि प्रत्येक खेपेला तेच म्हणायचा : थांब. मी येतोय. थांब. मी येतोय.

दहाच्या सुमारास तिच्या तिसऱ्या साच्याचा पट्टा घसरला. तिने हात वर केला. जोसेफ आला, खाली वाकला, पट्टा चढवला. उठला तेव्हा त्याने पाना खिशात घातला आणि तिच्याकडे तोंड केले.

“काल मीही होतो,” त्याचे ओठ म्हणाले. “मागे, भिंतीपाशी. मी वाचलं.”

ॲडा चालत्या कापडावरून हात फिरवू लागली.

“गुरुवारचं डोक्यात ठेवू नकोस. घरमालकाला सांगायचं ते मी सांगेन.”

“मिस्टर व्हिटॅम, तुम्हाला वाईट...”

“मला ओठ वाचता येतात, मनातलं वाचता येत नाही. तुझं तू बघ.” तो जायला वळला आणि पुन्हा मागे फिरला. “पट्टा जुना झालाय. उद्या नवीन घालतो.”

ती त्याच्या पाठीकडे बघत राहिली. तिला त्याचा थोडा रागच आला. माणसाने निदान भांडावे तरी!

संध्याकाळी ती पुन्हा पॅव्हिलियनला गेली. दारात टॅटरसॉल यांनी मोठ्या अक्षरांत पाटी लावली होती : ‘गिरणीतल्या भगिनींना विनंती की पाचव्या रिळात हसू नये.’ ती वाचून बायका दारातच हसत होत्या.

आत ऊब होती. ओल्या शालींचा आणि संत्र्यांच्या सालींचा वास होता. दिवे गेले आणि मिस लोमॅक्सनी पहिला सूर लावला. पडद्यावर खाडी उलगडली. चांदीचे पाणी, चांदीची झाडे, खिडकीतला दिवा. ॲडाला वाटले, आपण तिथेच राहतो. ही गल्ली, हा धूर, सकाळचा भोंगा हेच काय ते कुणीतरी लिहिलेले आहे; खरे ते तिथे आहे. पाचव्या रिळाची ती अशी वाट बघत होती जशी स्टेशनात गाडीची बघतात.

तो आला. दोर गुंडाळला. मान वर केली. ‘ॲडा, थांब माझ्यासाठी. मी येतोय.’

सोमवारी तिने नुसते ओठ बघितले होते. आज शब्द पाठ होते म्हणून नजर मोकळी होती. ती त्याचे सगळेच बघत होती : उडणारे केस, वाळलेले गाल, स्वेटर.

डाव्या बाहीवर दोन फिक्या ओळी होत्या.

आधी तिला भरून आले. माझाच घातलाय त्याने! मग हळूहळू, पायाला गार पाणी लागत जावे तसे तिला आठवले. पाचवे पत्र. ‘इथे खोलीवर चोऱ्या फार. तुझा स्वेटर गेला, ॲडा. फार चुटपुट लागली.’ गेल्या वर्षीचा सप्टेंबर.

म्हणजे पडद्यावरचा विल्फ त्याच्याही आधीचा होता. झाडांना पाने होती, धक्क्यावर ऊन होते, नायिकेने छत्री उन्हासाठी धरली होती. गेल्या वर्षीचा उन्हाळा. तो ‘थांब’ म्हणाला त्याला दीड वर्ष होत आले होते. ‘येतोय’ म्हणाला त्यालाही.

बाजूला सेलिनामावशी वाटाणे खात होती. “काय गं, रडतेस कशाला? शेवटी येतो तो परत. पुस्तकात आहे.”

“कोण?”

“नायक गं. दुसरा कोण?”

*

बुधवारी गिरणी सुटल्यावर ॲडा घरी आली तर स्वयंपाकघरात विल्फची आई बसली होती. ऑर्मरॉडबाई. मांडीवर फडक्यात गुंडाळलेला, बटाटे भरून भाजलेला पाव. गेले दोन दिवस त्या थिएटरात पहिल्या बाकावर बसत होत्या. मुलगा पडद्यावर आला की बसल्या जागी हात हलवायच्या आणि तो दोराकडे वळला की उठून घरी जायच्या.

“घ्या गं, गरम आहे,” त्या म्हणाल्या.

“अगं मार्था, तू पाव घेऊन आलीस?” मावशी हसली. “आता विहीणच की तू आमची!”

ऑर्मरॉडबाईंनी पाव टेबलावर ठेवला. फडक्याची घडी केली, मोडली, पुन्हा केली. मग भिंतीकडे बघितले. पलीकडे शेजारणीच्या भांड्यांचा आवाज येत होता. त्यांनी ॲडाकडे तोंड केले, आणि त्यांच्या घशातून आवाज निघाला नाही. नुसते ओठ हलले.

“त्याचं लग्न झालंय.”

चुलीवर किटली उकळत होती.

“गेल्या नोव्हेंबरात. तिथे नटांचे कपडे शिवणारी मुलगी आहे. मला नाताळात कळवलं. ‘तिला तू सांग’ म्हणाला. मला नाही झालं गं. म्हटलं, दिवस जातील तशी तू आपली आपण विसरशील. मग जोसेफनं विचारलं असं ऐकलं. म्हटलं, सुटले मी. आणि हा सिनेमा आला.”

मावशीने किटली चुलीवरून उतरवली. “बाई गं, अख्खं गाव अभिनंदन करतंय तिचं!”

“म्हणून तर आले. उद्या गुरुवार.” ऑर्मरॉडबाईंच्या डोळ्यांतून पाणी वाहत होते, पण ओठ स्वच्छ बोलत होते. सगळा जन्म साच्यावर गेलेली बाई, रडतानाही शब्द पुसट होऊ द्यायची नाही. “एवढं मात्र ऐक, ॲडा. तो तिथे म्हणालाय ना, ते तेव्हा खरं होतं. माझा मुलगा लबाड नाही. कच्चा आहे.”

ॲडाने तीन कप काढले. चहा ओतला. तिला एकच गोष्ट सारखी दिसत होती : बाहीवरच्या दोन ओळी.

“मला माहीत होतं,” ती म्हणाली. मोठ्याने म्हणाली. भिंतीपलीकडची भांडी थांबली. “म्हणजे, काल कळलं. लग्नाचं नाही. पण तो आता तिथे नाही, हे कळलं.”

“आणि आज जाणारेस?” मावशीने विचारले. “शेवटचा दिवस आहे. उद्यापासून दुसरा सिनेमा लागतोय.”

“जाणार तर.”

“कशाला गं जिवाला त्रास?”

“त्यानं मला काहीतरी सांगितलंय, मावशी. उत्तर नको द्यायला?”

*

बुधवारी बाक भरले होते. सबंध गाव आपल्या विल्फला शेवटचे बघायला आले होते. ऑर्मरॉडबाई पहिल्या बाकावर होत्या. ॲडा तिसऱ्या बाकाच्या टोकाला बसली. जोसेफ कुठे आहे हे तिने पाहिले नाही. पण तो आज पुढे, पडद्यालगतच्या भिंतीपाशी, आगीसाठी ठेवलेल्या वाळूच्या बादल्यांजवळ उभा होता.

खाडी आली, घर आले, दिवा आला. धक्का आला. नायकाचा बूट चावला, बायका हसल्या. आज हसणे मऊ होते, ओळखीचे. टॅटरसॉल कपाळावर हात मारून बाहेर गेले.

खलाशाने मान वर केली.

“ॲडा, थांब माझ्यासाठी. मी येतोय.”

ॲडाने डोक्यावरची शाल मागे घेतली. पडद्याचा सगळा चंदेरी उजेड तिच्या तोंडावर आला. आणि खात्यात बोलतात तसे, एकेक अक्षर ओठांवर ठेवत, आवाजाविना ती त्याला म्हणाली :

“थांबले होते, विल्फ. आता येऊ नकोस.”

तेवढ्यात तो दोराकडे वळला. गलबताने शीड सोडले. मिस लोमॅक्सनी सूर बदलला. नायिका धक्क्यावर लहान लहान होत गेली, आणि ॲडा शाल सावरून उठली. पुढचे तिला पाठ होते.

*

गुरुवारी सकाळी ॲडाने हात वर केला. चारही साचे ठणठणीत चालले होते.

जोसेफ आला. पहिल्या साच्याभोवती फिरला, दुसऱ्याच्या पट्ट्याला बोट लावले, तिसऱ्यावर तळहात टेकला, चौथ्यावर टेकला. “काय झालंय याला?”

“काही नाही. घरमालकाला सांगितलं?”

“नाही अजून. जेवणाच्या सुट्टीत जाणार.”

“काय सांगणार?”

“नको म्हणून.”

“घेतो म्हणून सांगा. मागे नळ आहे ना खरंच? नाहीतर मी यायची नाही.”

जोसेफने कानामागची पेन्सिल काढली, बघितली, पुन्हा तिथेच ठेवली. कपाळावरचा डाग पुसायला गेला आणि तो जास्तच पसरला.

“ॲडा, तो येणार नाही म्हणून हो म्हणतेस का?”

तिने पाहिले. मावशी दोन साचे सोडून उभी होती, आणि मुद्दाम पाठ केली होती. तशी आमच्याकडची रीत होती. दोन माणसांचे काही नाजूक चालले असेल तर शेजारचा तोंड फिरवतो.

“मी रविवारीच हो म्हटलं होतं,” ॲडा म्हणाली. “तुम्हाला सांगायचं राहिलं होतं, एवढंच. मध्ये तीन दिवस सिनेमा लागला.”

त्याने खिशातल्या फडक्याने हात पुसले. मग म्हणाला, “काल पडद्याच्या उजेडात तू काहीतरी बोललीस.”

“वाचलंत?”

“पहिला शब्द वाचला. मग खाली बघितलं. दुसऱ्याचं पत्र होतं ते.”

ॲडाच्या तिसऱ्या साच्याचे सूत तुटले. साचा थांबला. ती वाकली, कांडी बदलली, ओठांनी सूत ओढून घेतले आणि साचा पुन्हा सुरू केला. सरळ झाली तेव्हा जोसेफ अजून तिथेच उभा होता.

“जा की आता,” ती म्हणाली. “जॉबर साच्यापाशी उगीच उभा राहिला तर लोक बोलतील, जोसेफ.”

“बोलू देत,” तो म्हणाला. “ऐकू कुणाला येतंय!”

*

त्याच नाताळात दोघांचे चॅपलमध्ये लग्न झाले. पहिल्या बाकावर ऑर्मरॉडबाई होत्या. त्यांनी विणलेली पांढरी चादर पुढे ॲडाच्या तिन्ही मुलांच्या अंगावर पडली.

सिनेमाची प्रत शुक्रवारी डब्यांत घालून पुढच्या गावाला गेली. तिथेही गिरण्या होत्या, आणि तिथल्याही बायका बुटावर हसल्या म्हणतात. मग ती झिजली. कंपनी बुडाली. ‘मीठखाडीचे घर’ कुणाकडे आहे असे त्यानंतर कधी ऐकले नाही. कादंबरीची प्रत मात्र वाचनालयाने जुनी म्हणून काढून टाकली तेव्हा ॲडाने आणली. तिची पाने तिने दोऱ्याने शिवली.

तीस साली पॅव्हिलियनमध्ये बोलपट आले. मिस लोमॅक्सचा पियानो विकला गेला. त्या घरोघर मुलांना शिकवू लागल्या. टॅटरसॉल खूश होते, आता हसायला कुणी नाही. खालचे बाक मात्र पूर्वीसारखे भरले नाहीत. सेलिनामावशी एकदाच गेली. “सगळे बोलतात,” ती म्हणाली, “पण माझ्याशी कुणी बोलत नाही.” एक्केचाळीस साली खुर्चीत बसल्या बसल्या, विणकाम हातात असतानाच ती गेली.

विल्फ गर्दीतून पुढे कधी आला नाही. बोलपट आल्यावर त्याच्या बोलण्यातला आमच्याकडचा हेल कुणाला चालेना. समुद्रकाठी त्याने आणि त्याच्या बायकोने पाहुण्यांना राहायला घर काढले. आईच्या मातीला तो आला होता, अडतीस साली. पोट सुटले होते, टोपी हातात होती. चॅपलच्या पलीकडच्या भिंतीपाशी उभा होता. गर्दीतून ॲडाने त्याच्याकडे बघितले आणि ओठांनी विचारले, “बरा आहेस ना?”

तो गोंधळला. कानामागे हात धरून त्याने मोठ्याने विचारले, “काय म्हणालीस?”

लोक वळून बघू लागले. “काही नाही,” ॲडा म्हणाली, आणि जवळ जाऊन तिने त्याचा हात हातात घेतला.

गिरणी एकोणसाठ साली बंद पडली. आठशे साचे हातोड्याने फोडून भंगारात दिले. ते बघायला जोसेफ गेला नाही. परसात नळापाशी बसून बूट पुसत राहिला. दोन वर्षांनी त्याच्या घशात गाठ निघाली. शस्त्रक्रियेनंतर आवाज गेला तो गेलाच. थिएटरात ॲडा पडद्याकडे बघून जे म्हणाली होती, त्यातल्या दुसऱ्या शब्दाबद्दल त्याने अडतीस वर्षांत एकदाही विचारले नव्हते.

शेवटच्या दिवशी दुपारी ॲडा वॉर्डात शिरली तेव्हा त्याच्या खाटेभोवती डॉक्टर आणि दोन नर्स वाकल्या होत्या. एक तरुण नर्स त्याच्या तोंडापाशी कान नेऊन नेऊन थकली होती. “आजोबा काहीतरी सांगताहेत हो, पण कळतच नाही.”

ॲडा दारातच थांबली. मध्ये चौदा खाटा होत्या. खात्यात याहून लांबचे वाचलेले. जोसेफने तिला बघितले आणि मान थोडी वर केली. पांघरुणातून बाहेर आलेली त्याची पावले उघडी होती, स्वच्छ, पांढरीफटक.

“ॲडा,” त्याचे ओठ सावकाश म्हणाले, “बूट चावतोय. लवकर रड आणि मला मोकळा कर.”

ॲडा हसली. तोंडावर शाल घेऊनही हसू आवरेना. चौदा खाटांवरची माणसे बघत राहिली.

“अहो बाई!” मोठी नर्स धावत आली. “अशा वेळी हसता काय?”